एकवीस दिवसांचा बंदोबस्त

एर्नाकुलमच्या हायकोर्टाचा कागद ठाण्यात आला
तेव्हा साहेब दातातला तारलीचा काटा काढत होते.
म्हणाले, प्रसेनन, तू जा.
खुर्ची त्यांचीच घे.

कागदात लिहिलं होतं :
वाट कुणाची, हद्द कुणाची,
याबद्दल हे न्यायालय काहीही म्हणत नाही.
ते दिवाणीत चालेल, चालत राहील.
एवढंच, की भिंत बांधून होईतो
अर्जदार बाईच्या जिवाला धोका पोचू नये.

मला ते आवडलं.
सतरा वर्षांच्या नोकरीत पहिल्यांदा
कुणी सांगत होतं,
खरं काय ते तू शोधू नकोस,
बाई तेवढी जिवंत ठेव.

बाईचं नाव पंकजाक्षी. वय अडुसष्ट.
घरात एकच कोयता.
तो तिने पहिल्याच संध्याकाळी माझ्याकडे जमा केला.
नारळ फोडायचा झाला की मागायला यायची,
फोडून झाला की पुसून परत.
रजिस्टरात याची नोंद नाही.

आणि जपायचं कुणापासून,
तर सुगुणनपासून. दिराचा मुलगा.
त्याची खिडकी या ओट्यापासून बावीस पावलं.
मी मोजली.
'भिंतीचा पहिला दगड तुझ्या टाळक्यात घालीन'
असं तो म्हणाला होता.
वकिलाने ते इंग्रजीत टाइप केलं,
इंग्रजीत ते बरंच सभ्य झालं होतं.

रात्री तो खोकायचा.
ती अंधारातून म्हणायची,
बाप अस्साच खोकायचा याचा.
थोड्या वेळाने :
औषध घेत नाही मेला.
मी उगाच खिशातली शिट्टी चाचपायचो.

गवंडी परगावचा आणावा लागला.
मासेवाली यायची थांबली,
खाकी दिसली की अर्धी हाळी गिळून
सायकल पुढे.
शेजारच्या सुनेने विरजण मागणं सोडलं.
नवव्या दिवशी पंकजाक्षी माझ्या पुढ्यात
भात आणि नुसतं ताक ठेवत म्हणाली,
तू आल्यापासून घरात मासा नाही बघ.
तक्रार नव्हती ती.
तक्रार असती तर लिहून घेतली असती.

भिंत उठत गेली.
सुगुणन रोज सकाळी पलीकडे उभा,
दात घासत, आमच्याकडे बघत.
आधी त्याची लुंगी गेली,
मग पोट, मग छातीवरचा ताईत.
विसाव्या दिवशी उरले थोडे केस
आणि हलणारं ब्रशचं टोक.

एकविसाव्या दिवशी सही घेतली.
काही म्हणणं? नाही.
कोयता परत केला. तिने तो घेतला,
पण बघत होती माझ्या पायांकडे.
जुने बूट असतील का रे तुझे?
कशाला?
पायरीवर ठेवीन रात्रीचे.
कुणी काढून ठेवल्यासारखे.

असं कोणत्या कलमात बसतं
मी कुणाला विचारलं नाही.
कागदी पिशवीत गुंडाळून
चेरतलाच्या बसकंडक्टरकडे दिले.
डाव्याचा तळ सुटत आला होता.

ओणमनंतर दुसऱ्याच एका बंदोबस्ताला जाताना
बस त्याच रस्त्याने गेली.
भिंत. फाटक. पायरी.
बूट होते.
टाचा घराकडे, नाड्या सैल सोडलेल्या,
पॉलिश असं
की माझ्या पायांत ते कधी तसे चमकले नव्हते.

फाटकाशी सायकल लावून
मासेवाली आत हाक मारत होती,
मोठ्याने, न घाबरता,
बुटांकडे ढुंकूनही न बघता.

म्हणजे गावाला ठाऊक होतं,
आत कुणी नाही.
मान वळवून मी पलीकडची खिडकी शोधली,
त्याला ठाऊक आहे का ते बघायला.
तेवढ्यात ड्रायव्हरने वळण घेतलं.